पाणी न पिणारा उंदीर आणि गमरे बाई

श्रीमती कुसुम गमरे बाईंची आणि माझी पहिली ओळख एका उंदरावरून झाली. लालबागच्या आमच्या शाळेत मी चित्रकलाशिक्षक म्हणून रुजू झालो, त्याच आठवड्यात बाई माझ्या वर्गाच्या दारात येऊन उभ्या राहिल्या. पांढरी सुती साडी, खांद्याला कापडी पिशवी, बोटांना खडूची भुकटी. नमस्कार-चमत्कार झालेच नाहीत. "तुम्ही परब ना? मला एक उंदीर काढून द्याल?" असं त्यांनी विचारलं. मी म्हटलं, देतो की. फळ्यावर चार रेघा ओढून कान, मिश्या, शेपूट असा झकास उंदीर काढला. बाईंनी तो नीट न्याहाळला आणि म्हणाल्या, "हा आपल्या चाळीतला झाला. मला मागच्या दोन पायांवर उड्या मारणारा हवाय. शेपटीच्या टोकाला झुबका. आणि गालाला पिशव्या." नव्या मास्तराची फिरकी घेण्याची इथली ही रीत असावी, अशी माझी खात्री झाली.

बाई फिरकी घेत नव्हत्या. अमेरिकेच्या वाळवंटात कांगारू उंदीर नावाचा एक जीव असतो, तो बिया खाऊन राहतो, दिवसा बिळाचं तोंड बुजवून आत बसतो आणि पाण्याचा थेंबही तोंडात न घेता जगू शकतो, हे मला त्या दिवशी मधल्या सुट्टीत समजलं. बाई सांगत होत्या आणि माझा चहा गार होत होता. त्याला लागणारं पाणी त्याच्या शरीरातच बियांपासून तयार होतं, आणि त्याची मूत्रपिंडं इतकी काटकसरी असतात की त्यातलं जवळजवळ काहीच वाया जात नाही. सातवीच्या पुस्तकात यातलं अक्षरही नव्हतं. "पुस्तकात नाही म्हणून तो जगायचा थांबलाय का?" असं म्हणून बाई उठल्या आणि तासाला निघून गेल्या.

बाईंच्या अमृतमहोत्सवानिमित्त माजी विद्यार्थी हा गौरवग्रंथ काढत आहेत. लेख प्रसन्न असावा, असं संपादकांनी मला फोनवर बजावलं आणि नंतर पुन्हा भेटूनही बजावलं. मी मान डोलावली होती. आता लिहायला बसलो तर ते जमत नाही. बाईंची मूत्रपिंडं निकामी झाली आहेत. एक दिवसाआड त्या परळच्या एका रुग्णालयात डायलिसिससाठी जातात. दिवसभरात पाणी किती प्यायचं ते डॉक्टरांनी मोजून ठरवून दिलं आहे, आणि ते फार थोडं आहे. मूत्रपिंड बदलण्याचं हे वय नाही, असंही त्यांनी सांगून टाकलं आहे. या ग्रंथात लिहिणाऱ्या प्रत्येकाला हे ठाऊक आहे आणि कुणीही ते लिहिणार नाही. पण बाईंच्या हाती हा ग्रंथ पडला की त्या लाल पेन घेऊन बसणार, आणि गाळलेल्या जागा त्यांना कधीच खपल्या नाहीत. म्हणून मी आधीच लिहून मोकळा होतो.

बाईंच्या शिकवण्याबद्दल इतर जण अधिकाराने लिहितील. मी त्यांचे तास बाहेरच्या व्हरांड्यातून ऐकले, ते चोरूनच. कांगारू उंदीर आणि उंदीर कांगारू हे दोन वेगळे प्राणी आहेत आणि मुलं त्यांची हमखास अदलाबदल करत. बाई सांगत, "शेवटचा शब्द म्हणजे आडनाव. कांगारू उंदीर, आडनाव उंदीर. हा अमेरिकेतला, आपल्या घुशीचा लांबचा नातलग. उंदीर कांगारू, आडनाव कांगारू. तो ऑस्ट्रेलियातला, पोटाला पिशवी असलेला. पहिलं नाव लोक कौतुकाने ठेवतात, त्यावर जाऊ नका." आमच्या शिक्षकखोलीत एक ज्येष्ठ गृहस्थ होते. कुणी नवीन माणूस आला की आधी आडनाव, मग गाव, मग गावातली वाडी, असं खणत खणत ते त्यांना हवं तिथे पोहोचत. ते एकदा नेमके वर्गाबाहेरून जात असताना बाईंनी आवाज चढवला आणि म्हणाल्या, "आणि लक्षात ठेवा, आडनावावरून जात ओळखायची ती फक्त प्राण्यांची." वर्ग हसला. गृहस्थ जिन्याकडे वळले आणि पुढे बरेच दिवस बाईंशी बोलले नाहीत. बाईंचं त्यावाचून काही अडलं नाही.

त्यांना दुसरं वेड होतं ते ऑस्ट्रेलियातल्या महाकाय कांगारूचं. हा कधीच नामशेष झालेला. माणसाहून उंच, आखूड तोंडाचा, हाताची दोन बोटं आकडीसारखी लांब आणि पायाला एकच दणकट बोट. अंग एवढं अवजड की तो उड्या मारत नसावा, चालतच असावा, असं म्हणतात. काही पुस्तकांत त्याला राक्षसी कांगारू म्हटलेलं असे. बाई तो शब्द खोडून महाकाय लिहीत. "पाला खायचा हो तो. राक्षस कशाला म्हणायचं?" हा प्राणी मुलांना त्याच्या खऱ्या उंचीत दिसला पाहिजे, असं त्यांनी एका विज्ञान प्रदर्शनाच्या वेळी मनावर घेतलं. शाळेकडे पैसे नव्हते. माझे बाबीमामा मूर्तिकार. चिंचपोकळीजवळ त्यांचा गणपतीचा कारखाना होता आणि हंगाम नुकताच संपला होता. मी बाईंना तिकडे घेऊन गेलो.

मामांनी कागदाच्या लगद्यात कांगारू करायचं कबूल केलं, पण पायाला एकच बोट म्हटल्यावर ते अडून बसले. "एकच बोट? बाई, लोक माका हसतले. म्हणतले बाबी म्हातारो झालो, बोटां घालूक इसारलो." बाईंनी रोज संध्याकाळी कारखान्यात जाऊन ते बोट एकच राहील याची राखण केली. सोबत लहानसा कांगारू उंदीरही करायला सांगितला होता, दोन प्राण्यांच्या आकारातला फरक मुलांना कळावा म्हणून. काम पुरं झाल्याचा निरोप आला. आम्ही गेलो, तर महाकाय कांगारू उभा होता, त्याच्या डोळ्यांची आखणी थेट बाप्पासारखी, करुण आणि शांत. आणि त्याच्या उजव्या पायाशी, एकाच पाटावर, मान वर करून बसलेला कांगारू उंदीर. पुढच्या दोन्ही पंजांत पिवळाधमक लाडू.

बाईंनी पाटाभोवती एक फेरी मारली. मग म्हणाल्या, "मामा, हा अमेरिकेतला. तो ऑस्ट्रेलियातला. मध्ये एवढा मोठा समुद्र. आणि हा मोठा तर हजारो वर्षांपूर्वीच संपला." मामांनी बिडी विझवली. "समुद्र आसांदे. पायाकडे रिकामा बरा दिसणा नाय. उंदराशिवाय मूर्ती पुरी होणा नाय, बाई." उंदीर पाटाला पक्का चिकटवलेला होता, काढला तर मोडला असता. बाईंनी तो तसाच स्वीकारला. लाडवाला मात्र मला वरून तपकिरी रंग द्यायला लावला आणि जाहीर केलं की ही बी आहे. मोठ्या अक्षरांत एक पाटीही माझ्याकडून लिहून घेतली. 'हे दोघे एकमेकांना कधीही भेटलेले नाहीत.'

पाटीचा उपयोग शून्य झाला. परीक्षा जवळ आली की विज्ञानकक्षात कांगारूच्या पायाशी जास्वंदीची फुलं सापडू लागली. मला वाटलं, बाई आता भडकणार. मूर्तीपुढे हात जोडणं त्यांच्या घरात तीन पिढ्यांपूर्वी थांबलेलं. बाईंनी ती फुलं शांतपणे गोळा केली, वर्गात नेली आणि मुलांना पुंकेसर, स्त्रीकेसर, पाकळ्या, देठ असं सगळं उलगडून दाखवलं. त्यानंतर दरवर्षी त्या धड्यासाठी फुलं विकत आणावी लागली नाहीत. बाईंचा राग असा कामाला लागायचा.

त्यांचा खरा राग मी एकदाच पाहिला. एका उन्हाळ्यात शाळेच्या तिसऱ्या मजल्यावरचे नळ कोरडे पडले होते. तक्रारी जात होत्या, पुढे काही होत नव्हतं. अशात एका सकाळी प्रार्थनेनंतर आमच्या मुख्याध्यापकांनी मुलांना उपदेश केला. "गमरे बाईंचा तो कांगारू उंदीर बघा. पाणी नाही म्हणून रडतो का? मिळेल त्यात भागवतो. त्याच्यापासून शिका." बाई रांगेतून पुढे गेल्या. माइक मागितला नाही, घेतला. "सरांनी सांगितलं ते अर्धंच आहे. उंदराचं मूत्रपिंडच वेगळं असतं, म्हणून त्याचं भागतं. यात त्याचा मोठेपणा काही नाही. तुमचं मूत्रपिंड माणसाचं आहे. माणसाला पाणी लागतं. आणि ते मिळत नसेल तर मागायचं असतं. लाजायचं नाही."

एवढं बोलून त्या थांबल्या नाहीत. त्या दिवसापासून त्यांच्या प्रत्येक तासाला, तहान लागलेला अख्खा वर्ग त्या तीन मजले खाली उतरवून मुख्याध्यापकांच्या दालनात नेत. तिथे सरांचा स्वतःचा माठ होता. मुलं रांगेत उभी राहत, प्रत्येक जण "सर, पाणी" म्हणे, पेलाभर पिऊन पुढच्याला जागा देई. सरांना फाइलीतून डोकं वर काढता येईना. आठवडा उलटायच्या आत नळांना पाणी आलं. बाईंचे आजोबा महाडच्या तळ्यावर पाणी प्यायला गेलेल्यांत होते. हे त्यांनी कधी भाषणात सांगितलं नाही. मला ते त्यांच्या भाचीकडून, वैशालीकडून, अलीकडेच कळलं. ऐकलं तेव्हा मला ती माठापाशी उभी असलेली मुलांची रांग आठवली.

भोईवाड्यात बाईंच्या घरी गेलेल्या कुणालाही एक गोष्ट सांगता येईल. आधी पाणी. तुम्ही रडत आलेले असा, भांडायला आलेले असा, उंबरा ओलांडला की वैशाली नाहीतर बाई स्वतः तांब्या-पेला पुढे करणार. तो रिकामा होईपर्यंत बाई विषय काढू देत नसत. माझी पत्नी रुग्णालयात होती तेव्हा माझी मुलगी रश्मी दहावीला होती. मी सकाळ-संध्याकाळ डबा घेऊन धावत होतो आणि मुलीकडे बघायला घरात कुणी नव्हतं. बाई आल्या, तिचं दप्तर उचललं आणि तिला परीक्षा संपेपर्यंत आपल्याकडे घेऊन गेल्या. रश्मीला विज्ञानात जेमतेम पास होण्याइतके गुण पडले. मी शरमलो. बाई म्हणाल्या, "त्या दिवसांत ती परीक्षेला बसली, अहो. हे कुठल्या गुणपत्रिकेत धरतात?" आज ती बँकेत अधिकारी आहे आणि घरी कुणीही आलं की आधी पाणी विचारते.

आता जे लिहायचं ते मला लिहावंसं वाटत नाही. आमची शाळा बंद झाली. मराठी वर्गात मुलंच येईनाशी झाली. इमारत पाडून तिथे दुसरं काही उभं राहणार, असं ठरलं. बाकं, कपाटं कुणी कुणी नेली. उरला तो विज्ञानकक्षातला कांगारू. आम्ही एका संग्रहालयाला विचारलं, त्यांना खरा सांगाडा हवा होता. दुसऱ्या एका शाळेत जागा नव्हती. माझ्या ओळखीच्या एका मंडळाची पोरं मात्र आनंदाने तयार झाली. गणपतीच्या देखाव्यात राक्षसवधाचा प्रसंग करायचा होता. "सर, शिंगं आम्ही लावू. नुसता रंग काळा केला की काम झालं." मी हे बाईंना फोनवर सांगितलं. डायलिसिस सुरू होऊन तेव्हा थोडेच महिने झाले होते, आवाज खोल गेला होता. तरी त्या म्हणाल्या, "राक्षस नाही होणार तो. मोडून टाका."

इमारत रिकामी करायच्या दिवशी बाई वैशालीबरोबर टॅक्सीने आल्या. जिना चढायला त्यांना पुष्कळ वेळ लागला. विज्ञानकक्षाच्या दाराला मधल्या काळात लोखंडी जाळी बसवलेली, त्यामुळे कांगारू अखंड बाहेर काढणं तसंही शक्य नव्हतं. कामगारांनी हातोडे घातले. लगदा जुना, ओल आलेला, पहिल्या घावातच पोट आत गेलं. आतून बांबू, काथ्या आणि गोणपाट निघालं. मी खिडकीकडे तोंड करून उभा राहिलो. बाई खुर्चीत बसून बघत होत्या. "तो संपला तेव्हा बघायला कुणी नव्हतं," असं म्हणून त्या थांबल्या, आणि मग त्यांनीच स्वतःला दुरुस्त केलं. "चुकलं. काही जण म्हणतात की माणसं होती आणि त्यांनीच संपवला. काही म्हणतात, हवा कोरडी होत गेली. खारट पाला खायचा ना तो, त्याला पाणी खूप लागायचं. नक्की कुणालाच माहीत नाही." डोकं शेवटी खाली आलं, डोळे तसेच शांत. इतकी वर्षं वर्गात धडा शिकवला त्याच आवाजात बाईंनी हे सांगितलं, पण त्यांचा हात वैशालीच्या हातात होता.

पाट मोडला तेव्हा उंदीर सुटून बाजूला पडला. त्याचा एक कान उडाला होता. एका कामगाराने उंदीर मलब्यात फेकला, बाईंनी तो शोधायला लावला, पदराने पुसला आणि पिशवीत ठेवला. सध्या तो त्यांच्या पलंगाशेजारच्या स्टुलावर, औषधांच्या डब्याला टेकून बसलेला आहे. पंजातल्या बीचा माझा तपकिरी रंग उडाला आहे आणि खालून मामांचा पिवळा लाडू पुन्हा दिसू लागला आहे.

या लेखासाठी मी गेल्या महिन्यात भोईवाड्यात गेलो. बाई खूप वाळल्या आहेत. पाय सुजलेले, ओठ कोरडे. स्टुलावर एक लहान वाटी होती, दिवसाचं पाणी त्या वाटीने मोजून मिळतं. मला बघून हसल्या आणि म्हणाल्या, "शेवटी मी कांगारू उंदीर झाले, परब. फक्त देणारे त्याचं मूत्रपिंड द्यायचं विसरले." वैशालीने रिवाजाप्रमाणे तांब्या आणि पेला आणून माझ्यापुढे ठेवला. मी म्हटलं, नको, तहान नाही. खरं तर उन्हातून आलो होतो, घशाला कोरड पडली होती. पण त्यांच्यासमोर पिणार कसा?

"प्या," बाई म्हणाल्या. "सगळे असंच करायला लागलेत. येतात आणि पाणी नको म्हणतात. या घरात कुणी पाणी पीत नाही असं कधी झालं नव्हतं. प्या हो. मला बघायला बरं वाटतं."

मी प्यायलो. बाई पेल्याकडे बघत होत्या. पाणी खाली जात होतं तशी त्यांची नजर खाली जात होती. पेला रिकामा झाला तेव्हा त्यांनी आवंढा गिळला. मला रडू आलं, हे इथे लिहायला मला संकोच वाटत नाही.

मी पेला ठेवला तेव्हा त्यांनी विचारलं, "लेखाच्या शेवटी काय लिहिणार?" मी म्हटलं, "रिवाज आहे बाई. निरोगी दीर्घायुष्य चिंतायचं."

"निरोगी नका लिहू. खोटं आहे." त्यांनी उंदराकडे पाहिलं. "आणि बाई हसतमुखाने सगळं सहन करताहेत, असं तर मुळीच नको. हेडसरांसारखं होईल ते. मला तहान लागते, परब. रोज लागते. झोपेतसुद्धा लागते. लिहायचंच तर हे लिहा."

बाई, लिहिलं. तुम्हाला तहान लागते, हे आता या ग्रंथात छापलं जाईल आणि ज्यांना तुम्ही शिकवलंत ते सगळे वाचतील. पाणी मिळत नसेल तर मागायचं, लाजायचं नाही, हे आम्ही तुमच्याकडूनच शिकलो. या ग्रंथाच्या रूपाने तुमची मुलं पुन्हा एकदा रांगेत उभी आहेत, पण या वेळी पाणी मागायला कुणाच्या दालनात जायचं ते आम्हाला ठाऊक नाही. तरी मागतो. तुम्हाला हवी असतील तेवढी वर्षं मिळोत, आणि त्यातल्या एखाद्या दुपारी भरलेला तांब्या उचलून, कुणी न मोजता, तुम्हाला पोटभर पाणी पिता येवो.

— सुधीर परब
(निवृत्त चित्रकलाशिक्षक)